नागपूरचा पोरगा, इंदूरचा कर्नल: साठी ओलांडल्यावरही बॅट न सोडणारे सी. के. नायडू

जयंती विशेष | अमरावती-अकोला

सोयाबीन निघालं की गावोगावच्या मोकळ्या वावरात स्टंप रोवले जातात. दिवाळी झाली की सरपंच चषक, आमदार चषक, टेनिस बॉलचे सामने सुरू होतात. दर्यापूर असो, अकोट असो की मूर्तिजापूर, प्रत्येक तालुक्यात एक तरी पोट्टा असतो, ज्याचा सिक्स पाहायला लोक धुऱ्यावर येऊन बसतात. अन् प्रत्येक घरात त्याच्या मायबापाचा एकच प्रश्न असतो. खेळून पोट भरते काय?

हा प्रश्न काही आजचा नाही. शंभर वर्षांआधी नागपूरच्या एका तरुणापुढेही तो होता. त्याचं उत्तर शोधायला तो नागपूर सोडून गेला, मुंबईत खेळला, इंदूरला नोकरीला लागला, इंग्लंडला जाऊन आला, अन् वयाच्या ६१ व्या वर्षीही रणजीच्या मैदानात उभा होता. भारताचा पहिला कसोटी कर्णधार तोच. नाव कोट्टारी कनकय्या नायडू. सगळे त्यांना सी. के. म्हणत.

३१ ऑक्टोबर हा त्यांचा जन्मदिवस. आपल्या भागाशी नातं असलेला एवढा मोठा माणूस, पण आपल्या पोरांना त्यांचं नाव फक्त एका करंडकापुरतं माहीत आहे. म्हणून हा लेख.

वकिलाच्या घरातलं पोर

सी. के. यांचा जन्म ३१ ऑक्टोबर १८९५ चा, नागपूरचा. घराणं मूळचं तेलुगू. आजोबा नारायणस्वामी नागपुरात वकिली करत, जमीनजुमलाही होता. म्हणजे घरी खाण्यापिण्याची ददात नव्हती. हे आधीच सांगून ठेवलेलं बरं, कारण मोठ्या खेळाडूची गोष्ट म्हटली की गरिबीतून वर आला असंच लिहायची पद्धत पडली आहे. सी. के. यांची अडचण वेगळी होती. घरी पैसा होता, पण नागपुरात मोठं क्रिकेट नव्हतं.

त्या काळी क्रिकेट म्हणजे मुंबई. तिथे दरवर्षी मोठी स्पर्धा व्हायची, तिला चौरंगी म्हणत. युरोपियन, पारशी, हिंदू आणि मुसलमान असे चार संघ. पुढे १९३७ पासून पाचवा संघ आला अन् ती पंचरंगी झाली. धर्मावर पाडलेले संघ आज आपल्याला खटकतात, तेव्हाही अनेकांना खटकत होते, अन् १९४६ नंतर ती स्पर्धा कायमची बंद पडली. पण त्या दिवसांत नाव कमवायचं असेल तर तिथंच खेळावं लागे. हिंदू संघात बाळू, विठ्ठल अशा पळवणकर बंधूंनी जातीची भिंत अंगावर झेलून जागा मिळवली होती. त्याच संघात नागपूरचा हा उंच, सडपातळ, ताठ चालणारा पोरगा १९१६ मध्ये दाखल झाला.

चौथा बॉल

पहिली मॅच युरोपियन संघाविरुद्ध. साहेबांचा संघ, मुंबईचं मैदान, अन् हिंदू संघाच्या ७९ धावांत सात विकेट पडलेल्या. नवव्या नंबरावर २१ वर्षांचा सी. के. बॅट घेऊन आला. अशा वेळी नवा खेळाडू काय करतो? टिकायचं पाहतो. सी. के. यांनीही पहिले तीन बॉल नुसते अडवले. चौथा बॉल सरळ सीमेपार. मोठ्या क्रिकेटमधली पहिली धाव घेतली तीच षटकाराने.

ते दिवस आजच्या टी-ट्वेंटीचे नव्हते. बॉल जमिनीवर ठेवून खेळणं म्हणजे चांगलं क्रिकेट, उंच मारणं म्हणजे अडाणीपणा, असं शिकवलं जाई. सी. के. यांनी तो समज मोडला. उंच मारायचं, पण डोळे मिटून नाही. बॉल पाहून, पाय पुढं टाकून, खांदा मोकळा सोडून मारायचं. हातात ताकद होती अन् डोक्यात हिशेबही होता. नुसते फलंदाज नव्हते ते, बॉलिंगही चांगली करत. पुढे मोठ्या क्रिकेटमध्ये चारशेच्या वर विकेट त्यांच्या नावावर जमा झाल्या.

इंदूरचं बोलावणं

आता येतो पोटाचा प्रश्न. आज आयपीएलचा लिलाव होतो, कोणता खेळाडू किती कोटीला गेला हे मोबाईलवर लगेच कळतं. युरोपात फुटबॉलवाले एका क्लबातून दुसऱ्या क्लबात जातात, त्याच्या रकमा पाहून डोळे फिरतात. सी. के. यांच्या काळात यातलं काहीच नव्हतं. क्रिकेट खेळण्याबद्दल सरळ पगार द्यायची रीत भारतात फारशी नव्हती. रीत होती ती राजे-महाराजांची. संस्थानिकाला खेळाडू आवडला की तो त्याला दरबारात किंवा फौजेत जागा द्यायचा. नोकरी फौजेची, खरं काम मैदानावरचं.

१९२३ मध्ये इंदूरच्या होळकर दरबारातून सी. के. यांना बोलावणं आलं. होळकरांनी त्यांना आपल्या फौजेत कॅप्टनची जागा दिली. पुढे ते कर्नल झाले, अन् आजही त्यांच्या नावाआधी कर्नल लावतात ते त्यामुळेच. तेव्हा ते २७ वर्षांचे होते. नागपूर सोडून ते इंदूरला गेले अन् इंदूरचेच झाले. आपल्याकडची माणसं पुण्याला कामाला जातात, मनात गाव ठेवून तिथंच राहतात, तसंच झालं म्हणा ना.

या नोकरीने दोन गोष्टी दिल्या. एक, महिन्याच्या पगाराची चिंता मिटली. दोन, रोज सराव करायला मैदान अन् वेळ मिळाला. आजही कोणत्याही खेळाडूला याच दोन गोष्टी लागतात. रेल्वे, पोलीस, बँका, आयकर खातं खेळाडूंना नोकरी देतात, त्याचं मूळ अशा दरबारी नोकरीतच आहे.

अकरा षटकारांची दुपार

१ डिसेंबर १९२६. मुंबईचं जिमखाना मैदान. इंग्लंडहून आर्थर गिलिगन यांचा एमसीसीचा संघ भारतात आला होता. त्यांच्यासमोर हिंदूंचा संघ. सी. के. बॅटिंगला आले अन् पुढच्या ११६ मिनिटांत त्यांनी १५३ धावा केल्या. ११ षटकार अन् १३ चौकार. हिशेब करून पाहा, १५३ पैकी ११८ धावा फक्त षटकार-चौकारांच्या. पळून काढलेल्या धावा उरल्या ३५.

मैदानाभोवतीची झाडं, घरांची छपरं, जिथे जागा मिळेल तिथे लोक चढून बसले होते. इंग्रजांचं राज्य होतं, अन् इंग्रजांच्याच बॉलरांना एक देशी माणूस मैदानाबाहेर फेकत होता. लोकांना काय वाटलं असेल ते सांगायची गरज नाही. पाहुण्या संघाने त्यांना चांदीची बॅट भेट दिली.

या एका खेळीचं मोल धावांपेक्षा मोठं ठरलं. भारतात कसोटी खेळण्याच्या लायकीचे खेळाडू आहेत हे गिलिगन यांना पटलं. भारतीयांनी आपलं स्वतःचं मंडळ काढावं यासाठी त्यांनी पाठबळ दिलं. १९२८ मध्ये भारतीय क्रिकेट नियामक मंडळ स्थापन झालं. आज ज्या बीसीसीआयच्या पैशाची जगभर चर्चा होते, त्याच्या पायाच्या दगडांपैकी एक दगड त्या दुपारचा आहे.

लॉर्ड्सवरचा पहिला टॉस

१९३२ मध्ये भारताचा संघ पहिली अधिकृत कसोटी खेळायला इंग्लंडला निघाला. कर्णधार कोण? पोरबंदरचे महाराज. उपकर्णधार कोण? लिंबडीचे राजपुत्र. खेळ येतो की नाही हा मुद्दा नव्हता, कर्णधार राजघराण्यातलाच पाहिजे अशी समजूत होती. पण पोरबंदरच्या महाराजांना आपली कुवत माहीत होती. ते मोठ्या मनाने बाजूला झाले. लिंबडीचे राजपुत्र दुखापतीमुळे बाहेर गेले. मग जबाबदारी आली सी. के. यांच्यावर.

सगळ्यांना ते रुचलं असं नाही. ते कडक शिस्तीचे, कमी बोलणारे, अन् राजे नव्हते. राजाचं ऐकू, पण आपल्यातल्याच एकाचं का ऐकायचं, अशी कुरबूर संघात होती. गावच्या सोसायटीपासून दुधाच्या संघापर्यंत हे आपण रोज पाहतो. आपल्यातला एक वर गेला की आपल्यालाच जड जाते.

२५ जून १९३२ ला लॉर्ड्सवर सामना सुरू झाला. समोर डग्लस जार्डिनचा इंग्लंड संघ. मोहम्मद निसार अन् अमरसिंग यांनी असा मारा केला की इंग्लंडची अवस्था ३ बाद १९ झाली. लॉर्ड्सवरचे गोरे प्रेक्षक चाट पडले. इंग्लंड पुढे सावरला अन् २५९ पर्यंत गेला. भारताच्या पहिल्या डावात सर्वात जास्त धावा केल्या सी. के. यांनीच, ४०. क्षेत्ररक्षण करताना हाताला लागलं होतं, त्या दुखऱ्या हातानेच. भारत १५८ धावांनी हरला, पण पहिल्याच कसोटीत इज्जत राखून हरला. भारताकडून पहिला बॉल खेळणारा फलंदाज होता जनार्दन नवले, हाही आपला मराठी माणूस.

त्या पूर्ण दौऱ्यात सी. के. यांनी १६१८ धावा केल्या, ६५ विकेट घेतल्या अन् ३२ षटकार मारले. वय होतं ३६. त्या वयात आज खेळाडू निवृत्तीचं बोलतात. बर्मिंगहॅमच्या मैदानावर त्यांनी १६२ धावांची खेळी केली. तिथे मारलेला त्यांचा एक षटकार मैदानाशेजारच्या रे नदीपार गेला, अन् ती नदी दोन परगण्यांची हद्द असल्यामुळे बॉल एका परगण्यातून दुसऱ्यात गेला असं सांगतात. आपल्या भाषेत सांगायचं तर अमरावती जिल्ह्यातून मारलेला बॉल पूर्णा ओलांडून अकोल्यात पडला. पुढच्या वर्षी विस्डेनच्या ग्रंथाने वर्षातल्या पाच उत्तम क्रिकेटपटूंत त्यांचं नाव घातलं. भारतासाठी खेळणाऱ्या खेळाडूला हा मान पहिल्यांदाच मिळाला.

घरच्या मैदानावर

१९३३ च्या डिसेंबरात जार्डिनचाच संघ भारतात आला. भारतातली पहिली कसोटी मुंबईच्या जिमखाना मैदानावर झाली. दुसऱ्या डावात भारत अडचणीत असताना लाला अमरनाथ अन् सी. के. यांनी १८६ धावांची भागीदारी केली. अमरनाथ यांनी ११८ धावा केल्या, भारताचं ते पहिलं कसोटी शतक. समोर उभे होते कर्णधार सी. के., त्यांच्या ६७ धावा. पोरगा शतक मारत असताना म्हाताऱ्या बैलाने जू सांभाळावं तसं त्यांनी दुसरं टोक धरून ठेवलं.

ती मालिका भारत हरला. सी. के. यांनी भारताचं नेतृत्व केलं ते एकूण चार कसोट्यांत. त्यातल्या तीन हरल्या, एक बरोबरीत सुटली. कागदावर हा आकडा काही मोठा दिसत नाही. पण नवं वावर पहिल्यांदा नांगरणाऱ्याला पिकाचा उतारा विचारत नसतात.

१९३६: राजाची कर्णधारी

सी. के. यांच्या आयुष्यातला सगळ्यात कडू घास म्हणजे १९३६ चा इंग्लंड दौरा. कर्णधारपद त्यांना मिळायला पाहिजे होतं. मिळालं विजयनगरमचे महाराजकुमार यांना, ज्यांना विझी म्हणत. पैसा, ओळख अन् मंडळातलं राजकारण यांच्या जोरावर ते कर्णधार झाले. तीन कसोट्यांत मिळून त्यांनी केल्या ३३ धावा. खालच्या नंबरावर येत, बॉलिंग करत नसत. पण हुकूम त्यांचा.

संघात दोन गट पडले. कोण विझींच्या बाजूचा, कोण सी. के. यांच्या बाजूचा, हे पाहून माणसं तोलली जाऊ लागली. लाला अमरनाथ यांना तर पहिल्या कसोटीआधीच बेशिस्तीचा ठपका ठेवून जहाजाने परत पाठवलं. बाका जिलानी नावाच्या खेळाडूने सकाळच्या नाश्त्याला सी. के. यांचा सगळ्यांसमोर अपमान केला अन् त्याचं बक्षीस म्हणून त्याला कसोटीची टोपी मिळाली, अशी कथा क्रिकेटच्या जगात अजून सांगितली जाते.

या सगळ्यात ४० वर्षांच्या सी. के. यांनी काय केलं? भांडण करून परत आले नाहीत. तिन्ही कसोट्या खेळले. ओव्हलच्या शेवटच्या कसोटीत गबी ॲलनचा वेगवान बॉल अंगावर जोरात बसला. कळ सोसत ते उभे राहिले अन् ८१ धावा केल्या. कसोटीतली त्यांची ही सर्वात मोठी धावसंख्या, अन् ही त्यांची शेवटची कसोटी. एकूण कसोट्या सात, धावा ३५०. ज्या माणसामुळे भारताला कसोटीचा दरवाजा उघडला, त्याला त्या दरवाजातून फक्त सात वेळा जाता आलं. कारण दरवाजा उघडला तेव्हा त्याचं वय ३६ झालं होतं.

होळकरांची फलटण

कसोटी संपली म्हणून सी. के. यांचा खेळ संपला असं कोणाला वाटलं असेल तर तो चुकला. १९३४-३५ पासून रणजी करंडक सुरू झाला होता. सी. के. आधी मध्य भारताकडून खेळले, मग १९४१-४२ पासून होळकरांच्या संघाकडून. मुंबईचा संघ तेव्हा दांडगा. त्याला टक्कर देईल असा संघ त्यांनी इंदुरात उभा केला. मुश्ताक अली, चंदू सरवटे, हिरालाल गायकवाड, भाऊसाहेब निंबाळकर असे एकापेक्षा एक खेळाडू. अन् सी. के. यांचे धाकटे भाऊ सी. एस. नायडू, जे पुढे ११ कसोट्या खेळले. महायुद्धाच्या काळात भारतात असलेला इंग्लंडचा डेनिस कॉम्प्टनही होळकरांकडून खेळला.

१९४४-४५ ते १९५२-५३ या नऊ मोसमांत होळकर संघ आठ वेळा अंतिम सामन्यात पोचला अन् चार वेळा करंडक जिंकला. १९४५-४६, १९४७-४८, १९५०-५१ अन् १९५२-५३. शेवटचा करंडक जिंकला तेव्हा कर्णधार सी. के. यांचं वय होतं ५७. आपल्या गावात ५७ वर्षांचा माणूस पारावर बसून पोरांना सल्ले देतो.

या नऊ वर्षांत हारही तेवढीच मोठी पाहिली. १९४४-४५ च्या अंतिम सामन्यात मुंबईविरुद्ध सी. एस. नायडूंनी एका सामन्यात ९१७ बॉल टाकले. कॉम्प्टनने नाबाद २४९ केल्या. तरी हार झाली ३७४ धावांनी. १९४६-४७ च्या अंतिम सामन्यात बडोद्याच्या विजय हजारे अन् गुल महंमद या जोडीने ५७७ धावांची भागीदारी केली. जगात तेवढी भागीदारी तोवर कोणाची नव्हती. ती पाहत उन्हात उभा राहिलेला संघ होता होळकरांचा. वर्षभर राबून हाती आलेलं पीक एका गारपिटीत जातं, तसा तो प्रकार. पुढच्याच मोसमात हाच संघ मुंबईला हरवून करंडक घेऊन आला.

१९४५-४६ चा अंतिम सामना बडोद्याविरुद्ध इंदुरातच झाला. त्यात सी. के. यांनी २०० धावा केल्या. त्यांच्या आयुष्यातली ही सर्वात मोठी खेळी, वयाच्या ५० व्या वर्षी.

दात पडले, डाव नाही

त्यांच्या शिस्तीच्या गोष्टी पुष्कळ आहेत. एक नक्की सांगण्यासारखी. १९५१-५२ चा रणजी अंतिम सामना, पुन्हा मुंबईविरुद्ध. समोर दत्तू फडकर, देशातल्या वेगवान बॉलरांपैकी एक. त्यांचा एक उसळता बॉल थेट सी. के. यांच्या तोंडावर बसला. दात पडले, रक्त आलं. आज असं झालं की खेळाडूला बाहेर नेतात, तपासणी करतात, अन् ते बरोबरच आहे. सी. के. मात्र बाहेर गेले नाहीत. तोंड पुसलं अन् पुन्हा पवित्रा घेतला. ६६ धावा केल्या. वय ५६.

पोरांनो, हे वाचून हेल्मेट काढून ठेवू नका. तेव्हा हेल्मेट मिळतच नव्हतं. शिकायचं आहे ते वेगळं. एवढ्या वयात तेवढ्या वेगाच्या बॉलसमोर उभं राहायला शरीर तयार लागतं. खाणं, झोप, व्यायाम, सराव, हे वर्षानुवर्षं चुकवलं नाही म्हणून ते जमलं. आपल्याकडे वीस-बावीसचे पोट्टे खर्रा तोंडात ठेवून बॉलिंगला येतात अन् दोन ओव्हरनंतर कंबर धरतात, म्हणून बोलावं लागते.

खेळाच्या बाहेरूनही थोडी कमाई करणारा पहिला भारतीय क्रिकेटपटू म्हणूनही त्यांचं नाव घेतात. १९४१ मध्ये बाथगेट कंपनीच्या लिव्हर टॉनिकच्या जाहिरातीत ते झळकले. आज धोनी-कोहली टीव्हीवर दर दहा मिनिटांनी दिसतात, त्या वाटेवरचं पहिलं पाऊल हेच.

किती संघ, किती गावं

आता जरा यादी पाहा. हिंदू, मध्य प्रांत अन् वऱ्हाड, मद्रास, हैदराबाद, मध्य भारत, होळकर, आंध्र, उत्तर प्रदेश, अन् भारत. एवढ्या संघांसाठी हा माणूस खेळला. यात दुसरं नाव पाहिलं ना? मध्य प्रांत अन् वऱ्हाड. आपले अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलडाणा हे वऱ्हाडाचे जिल्हे तेव्हा नागपूर राजधानी असलेल्या प्रांतात होते, अन् त्या प्रांताच्या नावाने खेळणारा संघ होता. म्हणजे वऱ्हाडाचं नाव अंगावर घेऊन सी. के. मैदानात उतरले होते.

होळकर संघ सोडल्यावर १९५३-५४ मध्ये आंध्रच्या नव्या संघाने त्यांना कर्णधार केलं. मग १९५६-५७ मध्ये उत्तर प्रदेश. वय ६१. राजस्थानविरुद्ध त्यांनी ८४ धावा केल्या अन् विनू मांकड यांना दोन षटकार मारले. मांकड तेव्हा जगातल्या नावाजलेल्या फिरकी बॉलरांपैकी. रणजीतला शेवटचा सामना खेळले मुंबईविरुद्ध, तिथेही ५२ धावा. त्याच १९५६ साली सरकारने त्यांना पद्मभूषण दिलं. क्रिकेटपटूला हा मान पहिल्यांदाच मिळाला.

इथे एक गोष्ट मनाला लागते. विदर्भाचा स्वतःचा संघ रणजीत पहिल्यांदा उतरला १९५७-५८ मध्ये. म्हणजे सी. के. यांनी रणजी सोडली अन् पुढच्याच मोसमात विदर्भ आला. आयुष्यभर इतक्या संघांसाठी खेळलेल्या नागपूरच्या माणसाला विदर्भाची टोपी घालून खेळायचा योग आला नाही.

त्यानंतर ते निवड समितीत बसले, रेडिओवर समालोचनही केलं. त्यांच्या कन्या चंद्रा नायडू याही पुढे क्रिकेटचं समालोचन करणाऱ्या देशातल्या पहिल्या महिलांपैकी एक झाल्या. अन् १९६३-६४ मध्ये एका मदतनिधीच्या सामन्यात, वयाच्या ६८ व्या वर्षी, सी. के. पुन्हा एकदा बॅट घेऊन उतरले. १९१६ ते १९६३, सहा वेगवेगळ्या दशकांत मोठं क्रिकेट खेळलेला माणूस. सगळं मिळून २०७ सामने, ११,८२५ धावा, २६ शतकं, ४११ विकेट.

१४ नोव्हेंबर १९६७ ला इंदुरात त्यांचं निधन झालं. वय ७२.

आपल्यासाठी काय

मंडळाने त्यांच्या नावाने दोन गोष्टी ठेवल्या आहेत. एक, तरुण खेळाडूंची कर्नल सी. के. नायडू करंडक स्पर्धा, जिथून पुढे रणजीत जाता येतं. दुसरी, जीवनगौरव पुरस्कार, जो १९९४ पासून मोठ्या क्रिकेटपटूंना दिला जातो. पहिला मिळाला तो लाला अमरनाथ यांना, ज्यांना १९३६ मध्ये जहाजाने परत पाठवलं होतं.

अन् विदर्भ? विदर्भाने पहिला रणजी करंडक जिंकला तो २०१७-१८ च्या मोसमात, दिल्लीला हरवून. मैदान कोणतं होतं? इंदूरचं होळकर स्टेडियम. नागपूरचा माणूस ज्या गावात क्रिकेट मोठं करून गेला, त्याच गावात नागपूरच्या संघाने करंडक उचलला. त्यानंतर २०१८-१९ अन् २०२४-२५ मध्येही विदर्भच विजेता. अकोल्याचा अथर्व तायडे विदर्भाकडून खेळतो, अमरावतीचा जितेश शर्मा भारताच्या संघापर्यंत गेला. सी. के. यांना १९२३ मध्ये जे नागपुरात मिळालं नाही, ते आता बऱ्यापैकी इथंच मिळू शकते.

पण जिल्ह्याच्या गावापर्यंत आलेलं तालुक्यापर्यंत अजून आलं नाही. तालुक्याच्या पोराला टर्फची विकेट पाहायला मिळत नाही, लेदर बॉल हातात येतो तेव्हा वय निघून गेलेलं असतं. सी. के. यांच्यासाठी एका राजाने नोकरी अन् मैदान दिलं होतं. आता राजे नाहीत. आता ग्रामपंचायत आहे, शाळा आहे, क्रीडा खातं आहे, अन् चषकाला वर्गणी देणारे पुढारी आहेत. चषकाच्या बक्षिसावर अन् डीजेवर जेवढा पैसा जातो, त्यातला थोडा एका नेटवर, एका मॅटवर अन् पोरांच्या बुटांवर गेला तर काय बिघडते?

अन् मायबापांनो, खेळून पोट भरते काय, या प्रश्नाचं सरळ हो किंवा नाही असं उत्तर सी. के. यांच्या आयुष्यातूनही निघत नाही. त्यांचं पोट नोकरीने भरलं, अन् ती नोकरी खेळाने मिळवून दिली. नोकरी देणारा भेटला नसता तर ते कदाचित नागपुरातच राहिले असते. म्हणून पोराला खेळू द्या, पण शाळेची परीक्षा बुडवू देऊ नका. क्रीडा कोट्याच्या भरतीची जाहिरात निघते तेव्हा फॉर्म भरायला त्याला दहावी-बारावीची मार्कशीट लागते, अन् जिल्हा, विभाग, राज्य पातळीवर खेळल्याचं प्रमाणपत्र लागते. ती दोन्ही कागदपत्रं आतापासून जपून ठेवायला सांगा.